घटस्फोटाच्या दाव्याची नक्कल: अर्ज करण्याआधी थोडा इतिहास

विवाह, कुटुंब, स्त्रिया आणि कायदा, यांपैकी एखादा विषय डोक्यात घेऊन पीएचडीची तयारी करणाऱ्यांचा एक प्रश्न ठरलेला असतो. "घटस्फोटाच्या जुन्या केसेसची कॉपी कोर्टातून मिळते का? आणि मिळत असेल तर कशी?"

थोडक्यात उत्तर: काही मिळतात, काही मिळत नाहीत, आणि बऱ्याचशा कधी तयारच झालेल्या नाहीत. यातला तिसरा प्रकार समजून न घेता अर्ज केला की विद्यार्थी वर्ष-सहा महिने एका खिडकीवरून दुसऱ्या खिडकीवर फिरतो आणि शेवटी "रेकॉर्ड उपलब्ध नाही" एवढं वाक्य प्रबंधात लिहितो. पण रेकॉर्ड का उपलब्ध नाही, हाच खरा इतिहासाचा प्रश्न असतो. म्हणून आज अर्ज कसा करायचा ते सांगतोच, पण त्याआधी हा कागद कुठून आला आणि तो मागण्याचा हक्क कुणाला होता, ते पाहू.

नक्कल म्हणजे साधी झेरॉक्स नव्हे

कोर्टाच्या भाषेत 'नक्कल' म्हणजे प्रमाणित प्रत. शेवटच्या पानावर 'खरी नक्कल' असा शेरा, अधिकाऱ्याची सही, हुद्दा, तारीख आणि कोर्टाचा शिक्का. हे सगळं असलं की ती प्रत मूळ कागदाच्या जागी पुरावा म्हणून चालते. याचा कायदेशीर आधार १८७२ च्या भारतीय पुरावा कायद्यात होता. कलम ७४ मध्ये सार्वजनिक दस्तऐवज कोणते ते सांगितलं होतं आणि कलम ७६ मध्ये त्यांची प्रत कुणाला द्यायची ते. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियम लागू झाला. त्यात हीच तरतूद कलम ७५ मध्ये आहे.

कलम ७६ मधली एक अट नीट वाचा. ज्या सार्वजनिक दस्तऐवजाची पाहणी करण्याचा हक्क एखाद्या व्यक्तीला आहे, त्याची प्रत तिला फी घेऊन द्यायची. म्हणजे दस्तऐवज सार्वजनिक आहे एवढ्यानं भागत नाही, मागणाऱ्याला तो पाहण्याचा हक्क असावा लागतो. नक्कल मिळण्या-न मिळण्याचा सगळा खेळ या एका अटीवर आहे. घटस्फोटाच्या बाबतीत तर ती फारच जाचक ठरते.

आता नक्कल हातात आली असं धरू. बहुतेक जण लगेच निकालाचा मजकूर वाचायला घेतात. त्याआधी शेवटचं पान बघा. तिथे तीन तारखा असतात: अर्ज केल्याची, नक्कल तयार झाल्याची आणि दिल्याची. या तारखा अपिलासाठी लागतात. मुदतीच्या कायद्यानुसार नक्कल मिळवण्यात गेलेला वेळ अपिलाच्या मुदतीतून वजा होतो, म्हणून त्या काटेकोर लिहिल्या जातात. इतिहासाच्या विद्यार्थ्याला त्या वेगळं काही सांगतात. निकाल १९६२ चा आणि नक्कल १९७९ ला मागितलेली असेल, तर सतरा वर्षांनी हा कागद कुणाला आणि कशासाठी लागला? पेन्शन, जमिनीची वारस नोंद, की दुसरं लग्न? खासगी संग्रहात एखाद्या घरातली जुनी नक्कल सापडली तर या तारखांची नोंद आधी करून ठेवा.

कोर्टात न गेलेले घटस्फोट

हिंदूंमध्ये घटस्फोट १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानं आला, असं आपण सर्रास वाचतो. महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर हे वाक्य अर्धवट आहे. आपल्या भाषेतले शब्दच बघा. काडीमोड, सोडचिठ्ठी, फारकत. काडी मोडून संबंध तुटल्याचं जाहीर करण्याच्या रिवाजावरून 'काडीमोड'. 'फारकत' हा शब्द फारसी कागदपत्रांच्या परंपरेतला. कर्ज फिटल्यावर सावकारानं लिहून द्यायची तीही फारखत आणि बायकोला मोकळं केल्याची तीही फारखत. ज्या समाजाला घटस्फोट माहीतच नाही त्याच्या भाषेत त्यासाठी तीन-तीन शब्द कशाला असतील?

अनेक जातींमध्ये काडीमोड आणि त्यानंतर स्त्रीचं दुसरं लग्न, म्हणजे पाट किंवा मोहतूर, हे रूढीनं मान्य होतं. इंग्रजी अंमल सुरू झाल्यावर एल्फिन्स्टनच्या काळात दख्खनमधल्या जातींच्या रूढी विचारून त्यांची नोंद करण्याचं काम झालं. आर्थर स्टील यानं ते संकलन केलं आणि १८२७ मध्ये ते छापून आलं. त्यात सोडचिठ्ठीची नोंद आहे. म्हणजे राज्यकर्त्यांना ही प्रथा पहिल्यापासून ठाऊक होती.

पण ही सोडचिठ्ठी देणार कोण, तर नवरा किंवा जातपंचायत. तिची सरकारी नक्कल नसते. कागद असला तर घरात राहतो, नाहीतर पंचांच्या तोंडी साक्षीत. पुढे हीच गोष्ट स्त्रियांच्या अंगावर आली.

१८६० च्या दंड संहितेत कलम ४९४ आलं. जोडीदार हयात असताना दुसरं लग्न केलं आणि ते लग्न कायद्यानं त्या कारणास्तव रद्दबातल ठरत असेल, तर तो गुन्हा. त्या काळच्या कायद्यानं हिंदू पुरुषाला कितीही बायका करता येत होत्या, त्यामुळे त्याला याची झळ नव्हती. झळ होती ती स्त्रीला. १८७६ च्या शंभू रघू खटल्यात मुंबई उच्च न्यायालयानं स्पष्ट केलं की लग्न रद्द ठरवण्याचा किंवा स्त्रीला दुसऱ्या लग्नाची परवानगी देण्याचा जातीचा अधिकार न्यायालयं मानणार नाहीत. जातीनं परवानगी दिली म्हणून लग्न कायदेशीर आहे असं प्रामाणिकपणे वाटलं, हाही बचाव होऊ शकत नाही. हा खटला इंडियन लॉ रिपोर्ट्सच्या मुंबई मालिकेच्या पहिल्याच खंडात आहे.

याचा अर्थ नीट लक्षात घ्या. पंचांच्या शब्दावर विसंबून नवा संसार मांडणारी बाई आता फौजदारी खटल्यात अडकू शकत होती, आणि कोर्टाकडून घटस्फोटाचा हुकूमनामा आणावा म्हटलं तर तशी सोय तिच्यासाठी नव्हती. पंचांचा कागद कोर्ट मानत नव्हतं आणि कोर्टाचा कागद तिला मिळत नव्हता.

संशोधनाच्या दृष्टीनं यातून एक सरळ नियम निघतो. एकोणिसाव्या शतकातल्या हिंदू स्त्रीचा घटस्फोट शोधायचा असेल तर 'घटस्फोटाचे दावे' शोधू नका. कलम ४९४ चे फौजदारी खटले शोधा. नांदवायला पाठवण्याचे दावे, पोटगीचे अर्ज, वारसाहक्काचे तंटे शोधा. "ही लग्नाची बायको की पाटाची?" हा प्रश्न जमिनीच्या वादात हमखास निघतो आणि त्या ओघात वीस-तीस वर्षांपूर्वीच्या काडीमोडीची साक्ष नोंदली जाते.

गंमत म्हणजे सरकारला या कागदाचा महसूल मात्र चालत होता. १८९९ च्या भारतीय मुद्रांक कायद्याच्या परिशिष्टात घटस्फोटाच्या दस्तासाठी एक रुपयाचा मुद्रांक ठरवून दिलेला आहे. म्हणजे रूढीनं मान्य असलेली फारकत मुद्रांकावर लिहून सब-रजिस्ट्रारकडे नोंदवता येत होती. पण अशा नोंदींची नक्कल मागायला गेलात तर १९०८ च्या नोंदणी कायद्याचं कलम ५७ आडवं येतं. स्थावर मिळकतीच्या दस्तांचं पुस्तक क्रमांक १ फी भरून कुणालाही पाहता येतं. किरकोळ दस्तांच्या पुस्तक क्रमांक ४ ची नक्कल मात्र दस्त करून देणारा, त्याखाली हक्क सांगणारा किंवा त्यांचा प्रतिनिधी यांनाच मिळते. नुसती फारकत जाते ती पुस्तक ४ मध्ये. फारकतीबरोबर जमीन किंवा घर लिहून दिलं असेल तर ती पुस्तक १ मध्ये सापडण्याची शक्यता असते. विद्यार्थ्यांनी हा फरक पाठच करून ठेवावा.

कुणाला कोर्ट कधी उघडलं

घटस्फोटाचा दावा कोर्टात लावण्याची सोय सगळ्यांना एकाच वेळी मिळाली नाही. म्हणून फाइल शोधण्याआधी पक्षकाराचा धर्म, गाव आणि वर्ष या तीन गोष्टी पक्क्या लागतात.

पारशी समाजाला १८६५ मध्ये स्वतंत्र विवाह आणि घटस्फोट कायदा मिळाला. १८५६ मध्ये प्रिव्ही कौन्सिलनं पारशी पती-पत्नीच्या एका वादात मुंबईच्या तेव्हाच्या सुप्रीम कोर्टाच्या धर्मविषयक शाखेला अधिकार नसल्याचं ठरवलं होतं. त्यानंतर समाजानं मागणी लावून धरली. या कायद्याखालच्या न्यायालयात न्यायाधीशाबरोबर समाजातले प्रतिनिधी बसत, ज्युरीसारखे. १९३६ मध्ये नवा कायदा आला. त्यातल्या कलम १० नुसार घटस्फोटाच्या हुकूमनाम्याची प्रत कोर्टानं विवाह निबंधकाकडे पाठवायची आणि निबंधकानं तिची नोंद ठेवायची. म्हणजे एकाच घटनेचा माग दोन ठिकाणी लागू शकतो. या न्यायालयातल्या न्यायाधीशांच्या टिपणवह्यांवर मित्रा शराफी यांनी पारशी विधिसंस्कृतीचा मोठा अभ्यास उभा केला आहे. निकालपत्राच्या पलीकडचा कागद हाती लागला तर काय घडू शकतं हे पाहायला तो वाचाच.

ख्रिस्ती पक्षकारांसाठी १८६९ चा भारतीय घटस्फोट कायदा. त्यात जिल्हा न्यायाधीशानं दिलेल्या घटस्फोटाला उच्च न्यायालयाची मंजुरी लागे. २००१ च्या दुरुस्तीपर्यंत हे चाललं. त्यामुळे नगर किंवा रत्नागिरीतल्या दाव्याची जिल्हा न्यायालयातली फाइल गेली असली, तरी मंजुरीचा कागद मुंबईत असू शकतो.

मुस्लिम स्त्रियांना कोर्टातून विवाहविच्छेद मागण्याचा स्पष्ट कायदा १९३९ मध्ये मिळाला. नवऱ्यानं दिलेला तलाक कोर्टाबाहेरचा, त्यामुळे त्याची कोर्टात फाइल नसते. तिथे काझींचं दप्तर, नाहीतर मेहेर आणि पोटगीचे दावे.

हिंदूंसाठी काही संस्थानांनी आधी पाऊल उचललं. कोल्हापुरात राजर्षी शाहूंच्या काळात काडीमोडीचा कायदा झाला. बडोद्यात सयाजीराव गायकवाडांच्या कारकिर्दीत १९३१ मध्ये हिंदू घटस्फोटाचा कायदा आला. मुंबई प्रांतानं १९४६ मध्ये द्विभार्या प्रतिबंधक कायदा केला आणि १९४७ मध्ये हिंदू घटस्फोट कायदा. १९५५ च्या केंद्रीय कायद्यानं हे प्रांतिक कायदे मागे पडले. मुंबई प्रांतातल्या १९४७ ते १९५५ या आठ वर्षांच्या फाइली हा त्यामुळे एक स्वतंत्र गठ्ठा आहे. अभ्यासाला अतिशय चांगला.

पण नकाशा विसरू नका. त्या आठ वर्षांत मराठवाडा हैदराबाद राज्यात होता आणि विदर्भ मध्य प्रांतात, पुढे मध्य प्रदेशात. हे भाग मुंबई राज्याला जोडले गेले १९५६ मध्ये. परभणीच्या बाईचा १९५० चा घटस्फोट मुंबईच्या कायद्याखाली शोधत बसलात तर तो मिळणार नाही, कारण तो कायदा तिथे नव्हताच.

गोव्याची तऱ्हा आणखी निराळी. पोर्तुगालमध्ये प्रजासत्ताक आल्यावर १९१० मध्ये घटस्फोटाचा कायदा झाला आणि तो गोव्यातही आला. तिथे लग्नाची नागरी नोंदणी हा पाया. घटस्फोट झाला की त्याची टीप लग्नाच्या मूळ नोंदीच्या समासात पडते. म्हणून गोव्यात सुरुवात नोंदणी कार्यालयापासून करायची.

जो कागद असूच शकत नाही

एक उदाहरण घेऊ. "रखमाबाई म्हणजे कोर्टातून घटस्फोट घेणारी पहिली भारतीय स्त्री" हे वाक्य तुम्ही कुठेतरी वाचलं असेलच. काही ठिकाणी तर राणी व्हिक्टोरियानं तिचं लग्न रद्द केलं असंही लिहिलेलं सापडतं. मग विद्यार्थी विचारतो, त्या घटस्फोटाचा हुकूमनामा कुठे पाहायला मिळेल?

तो मिळणार नाही. दादाजी भिकाजी विरुद्ध रखमाबाई हा दावा घटस्फोटाचा नव्हताच. नवऱ्यानं १८८४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात बायकोनं नांदायला यावं म्हणून तो लावला. लहानपणी झालेलं लग्न, एकत्र राहणं कधी झालंच नव्हतं. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी दावा फेटाळला. १८८६ मध्ये अपिलात तो निकाल फिरला आणि दावा पुन्हा खालच्या पायरीवर आला. मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी हुकूम दिला: महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. शेवटी जुलै १८८८ मध्ये तडजोड झाली. दोन हजार रुपये देऊन हुकमाची अंमलबजावणी थांबली. त्या पुढे इंग्लंडला जाऊन डॉक्टर झाल्या.

लग्न मात्र कायद्यानं मोडलं नाही, कारण १८८८ मध्ये त्यांचं लग्न मोडण्याचा अधिकार उच्च न्यायालयाकडे नव्हता. पैसे देऊन मिळाली ती सुटका, घटस्फोट नव्हे.

हा भेद शब्दांचा कीस पाडणं वाटू शकतो. पण "घटस्फोट मिळाला" असं लिहिलं की तेव्हाच्या कायद्यानं स्त्रीला एक दार ठेवलं होतं असं चित्र उभं राहतं. ते दारच नव्हतं, आणि म्हणून तुरुंगाची भाषा करावी लागली. चुकीच्या कागदाचा शोध घेताना आपण इतिहास सौम्य करून टाकतो. १८८५ आणि १८८६ चे निकाल इंडियन लॉ रिपोर्ट्सच्या मुंबई मालिकेत, नवव्या आणि दहाव्या खंडात छापलेले आहेत. ते वाचायला कुणाची परवानगी लागत नाही.

आता अर्जाकडे वळू

समजा तुमची फाइल असण्याची शक्यता आहे. मग क्रम असा ठेवा.

पहिलं, कोर्ट ठरवा. मुंबईबाहेर हिंदू विवाह कायद्याचे जुने दावे जिल्हा न्यायालयात किंवा वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांकडे चालत, मुंबईत नगर दिवाणी न्यायालयात. १९८४ चा कुटुंब न्यायालय कायदा झाला आणि १९८९ मध्ये महाराष्ट्रात पुणे आणि मुंबईत कुटुंब न्यायालयं सुरू झाली. जिथे कुटुंब न्यायालय आलं तिथे चालू दावे तिकडे वर्ग झाले. निकाली निघालेल्या जुन्या फाइली मात्र मूळ कोर्टाच्या रेकॉर्ड रूममध्ये राहिलेल्या असू शकतात. जिल्हे फुटले तिथेही हाच घोळ. सिंधुदुर्ग आणि जालना १९८१ मध्ये वेगळे झाले, लातूर १९८२ मध्ये. सावंतवाडीच्या पक्षकाराची १९७० ची फाइल शोधताना रत्नागिरीचा विचार करावाच लागतो.

दुसरं, दाव्याचा क्रमांक आणि वर्ष मिळवा. याशिवाय नक्कल विभाग पुढे सरकत नाही. क्रमांक माहीत नसेल तर दाव्यांचं रजिस्टर पाहण्याची परवानगी आधी मागावी लागते. अपील झालं असेल तर अपिलाच्या निकालात मूळ दाव्याचा क्रमांक हमखास असतो. छापील लॉ रिपोर्ट्स इथेही कामाला येतात.

तिसरं, फाइल शिल्लक आहे का ते विचारा. १९१७ चा रेकॉर्ड नष्ट करण्याविषयीचा कायदा आहे. त्यानुसार उच्च न्यायालयं नियम करतात आणि कागदांची वर्गवारी होऊन मुदत संपलेले कागद नष्ट केले जातात. साधारण कल असा की निकालपत्र आणि हुकूमनामा जास्त काळ टिकतो. समन्स, किरकोळ अर्ज, वकीलपत्र लवकर जातं. म्हणजे कोर्टानं काय ठरवलं ते उरतं आणि पक्षकारांनी काय सांगितलं त्यातलं बरंच निघून जातं.

चौथं, नेमकं काय हवं ते लिहा. "संपूर्ण फाइल" असं लिहू नका. याचिका, कैफियत, निशाणी क्रमांक, साक्षी, रोजनामा, निकालपत्र, हुकूमनामा, यातलं काय ते सांगा. रोजनामा बहुतेक जण मागतच नाहीत. तारीख पडली, वकील गैरहजर, समन्स बजावणी नाही, पोटगी भरली नाही, या एकेक ओळीच्या नोंदींत बाईचे किती हेलपाटे झाले ते दिसतं. निकालपत्रात त्याचं एक वाक्यही नसतं.

पाचवं, तुम्ही पक्षकार नाही हे अर्जातच स्पष्ट करा. पक्षकारासाठी रस्ता सोपा आहे. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २३ मध्ये १९७६ साली एक पोटकलम आलं. त्यानुसार घटस्फोटाचा हुकूमनामा झाला की दोन्ही पक्षकारांना एकेक प्रत विनामूल्य द्यायची. त्रयस्थाला मात्र कारण सांगणारं प्रतिज्ञापत्र जोडून कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. सोबत विद्यापीठाचं पत्र, मार्गदर्शकांचं पत्र आणि नावं गुप्त ठेवण्याची लेखी हमी द्या. "मग माहितीच्या अधिकारात टाकू" हा मार्ग डोक्यातून काढा. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं गुजरात उच्च न्यायालयाशी संबंधित प्रकरणात सांगितलं आहे की न्यायालयीन कागदांच्या प्रती त्या त्या न्यायालयाच्या नियमांप्रमाणेच मागायच्या, माहिती अधिकाराखाली नव्हे.

परवानगी मिळाली म्हणजे हक्क मिळाला का?

हिंदू विवाह कायद्याच्या कलम २२ नुसार या कायद्याखालचं कामकाज बंद दाराआड चालतं आणि त्यासंबंधीचा मजकूर छापणं किंवा प्रसिद्ध करणं हा दंडनीय प्रकार आहे. अपवाद आहे तो न्यायालयाच्या पूर्वपरवानगीनं छापलेल्या उच्च आणि सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांचा. म्हणजे जिल्हा न्यायालयातल्या फाइलची नक्कल कायदेशीरपणे हातात आली, तरी तिच्यातला मजकूर नावगावासकट प्रबंधात छापायला मोकळीक मिळाली असं होत नाही.

इथे कायद्यापेक्षाही एक साधा विचार करा. १९७० मध्ये दावा लावणारी वीस-बावीस वर्षांची मुलगी आज सत्तरीच्या पुढे असेल. तिच्या नातवंडांना कदाचित आजीचं आधी एक लग्न झालं होतं हे माहीतही नसेल. फाइलमध्ये डॉक्टरी तपासणीचा कागद असतो, सासूची साक्ष असते, चारित्र्यावरचे आरोप असतात. ते आरोप सिद्ध झाले नसले तरी टंकलिखित होऊन पडलेले असतात. आपण नाव बदललं, पण तालुका, जात, नवऱ्याचा धंदा आणि वर्ष तसंच ठेवलं, तर त्या गावातला कुणीही तिला ओळखेल. म्हणून नाव बदलणं पुरेसं नाही. कोणता तपशील युक्तिवादासाठी खरोखर लागतो तेवढाच ठेवायचा.

नक्कल वाचताना

शेवटी, कागद मिळालाच तर तो खरा मानायचा किती? याचिकेत लिहिलेलं दुःख हे त्या काळच्या कायद्यानं मान्य केलेल्या कारणांच्या मापानं शिवलेलं असतं.

१९५५ च्या मूळ कायद्यात क्रूरता किंवा सोडून जाणं एवढ्यावर थेट घटस्फोट मिळत नव्हता. त्यावर न्यायिक विभक्तता मिळे. तो हुकूमनामा झाल्यावर ठरावीक काळ एकत्र राहणं झालं नाही तर पुढे घटस्फोट. ही दोन कारणं थेट घटस्फोटासाठी आली १९७६ च्या दुरुस्तीनं, आणि परस्पर संमतीचं कलम १३ ब सुद्धा तेव्हाच. म्हणून १९७६ पूर्वीच्या घटस्फोटाची फाइल अगदी कोरडी, दोन पानांची निघाली तर निराश होऊ नका. मारहाणीची, उपासमारीची हकीकत आधीच्या विभक्ततेच्या फाइलमध्ये असणार. तिचा क्रमांक याच फाइलमध्ये कुठेतरी असतो. आणि १९७६ नंतर संमतीच्या फाइली वाढलेल्या दिसल्या म्हणून लोक समजूतदार झाले असा निष्कर्ष काढू नका. संमतीच्या याचिकेत भांडणाचं कारण लिहावंच लागत नाही.

ख्रिस्ती स्त्रीच्या बाबतीत तर हे आणखी ठळक. १८६९ च्या कायद्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार एवढं कारण पुरे. बायकोला मात्र बहुतेक वेळा व्यभिचार आणि त्याच्या जोडीला क्रूरता किंवा परित्याग असं दुहेरी सिद्ध करावं लागे. ही विषमता मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं १९९७ मध्ये घटनाबाह्य ठरवली आणि २००१ मध्ये कायदाच बदलला. त्याआधीच्या याचिकांत नवऱ्याच्या व्यभिचाराचे आरोप भरपूर दिसले, तर ते समाजाचं चित्र आहे की कायद्यानं घातलेल्या अटीचं, हे आधी तपासा.

आणि रूढीचा घटस्फोट? तो संपलेला नाही. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २९ नं रूढीनं मान्य असलेला घटस्फोट शाबूत ठेवला आहे. पण ती रूढी आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी ती सांगणाऱ्यावर. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हेच पुन्हा सांगितलं. त्यामुळे आजही स्टॅम्प पेपरवर फारकत लिहून घेतलेली बाई दुसरं लग्न करते, आणि पंधरा वर्षांनी नवऱ्याच्या पेन्शनसाठी अर्ज केला की तिला विचारलं जातं, "कोर्टाच्या डिक्रीची नक्कल आहे का?" १८७६ मध्ये तिच्यासारखीला जो प्रश्न पडला होता, तोच थोड्या सौम्य रूपात तिच्यासमोर येतो.

म्हणून अर्ज लिहायला बसण्याआधी एका कोऱ्या कागदावर चार गोष्टी लिहून बघा. या जोडप्याला त्या वर्षी, त्या गावात, कोर्टातून घटस्फोट मिळू शकत होता का? मिळू शकत होता तर कोणत्या कायद्याखाली आणि कोणत्या कारणावर? तो कागद आज कुठल्या कार्यालयात असण्याची शक्यता आहे? आणि मला तो का हवा आहे, हे मी त्या बाईच्या समोर बसून सांगू शकेन का? पहिल्या तीन उत्तरांनी तुमचा अर्ज नीट होईल. चौथं उत्तर अर्जात लिहायचं नसतं, पण ते देता आलं नाही तर खिडकीपर्यंत जाऊ नका.